स्वेन निक्विस्ट यांच्यासाठी घेतलेला बर्गमन-संच

क्रायटेरियन या अमेरिकन प्रकाशनसंस्थेने स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमन यांच्या जन्मशताब्दीच्या वर्षी, म्हणजे नोव्हेंबर २०१८ मध्ये, ‘इंगमार बर्गमन्स सिनेमा’ हा ब्लू-रे संच बाजारात आणला. त्यात ३९ चित्रपट, ३० डिस्क आणि २४८ पानांचे एक पुस्तक आहे. वेष्टनावर आणि जाहिरातीत नाव एकाच माणसाचे आहे आणि ते साहजिकही आहे. परंतु बेळगावात लग्नमुंजींचे फोटो आणि व्हिडिओ काढून पोट भरणाऱ्या माझ्यासारख्याने एवढे पैसे मोजले ते दिग्दर्शकासाठी नव्हे, तर त्याच्या छायालेखकासाठी. संचातले वीसेक चित्रपट स्वेन निक्विस्ट यांनी चित्रित केलेले आहेत, आणि १९५३ पासून १९८४ पर्यंतचे त्यांचे काम इतक्या चांगल्या प्रतीत एकत्र मिळण्याचा दुसरा मार्ग मला आढळलेला नाही. म्हणून हे परीक्षण त्या एकाच अंगाने लिहिले आहे. बर्गमन यांचे तत्त्वचिंतन, देवाचे मौन, नवराबायकोंमधले ताणतणाव या विषयांवर मराठीत पूर्वीच पुष्कळ लिहून झालेले आहे. त्यांची येथे उजळणी करत नाही.

आधी व्यवहाराचे बोलतो. संचाची छापील किंमत २९९.९५ डॉलर आहे, म्हणजे आजच्या दराने पंचवीस हजार रुपयांच्या वर, आणि टपालखर्च व जकात त्यावर वेगळी. एकट्याने घेण्यासारखी ही वस्तू नाही. आम्ही धंद्यातल्या काही जणांनी वर्गणी काढली आणि अमेरिकेहून सुट्टीवर येणाऱ्या भाच्याच्या सामानातून संच आणवला. पैशांपेक्षा मोठी अडचण आहे ती डिस्कवरच्या विभागीय कुलुपाची. ब्लू-रेसाठी जगाचे तीन विभाग पाडलेले आहेत. या डिस्क ‘ए’ विभागाच्या आहेत आणि भारत ‘सी’ विभागात मोडतो. खडेबाजारातून आणलेल्या साध्या प्लेअरमध्ये त्या चालणार नाहीत. सर्व विभागांच्या डिस्क चालवणारा प्लेअर आधी मिळवावा लागतो आणि त्याचा खर्च संचाच्या किमतीतच धरावा, हे मागवण्यापूर्वी प्रत्येकाने लक्षात घ्यावे. उपशीर्षके फक्त इंग्रजीत आहेत. मराठी-कानडी घरांत वाढलेल्या आणि इंग्रजी सावकाश वाचणाऱ्या मंडळींना संवादप्रधान चित्रपट जड जातात; मात्र ज्याला केवळ प्रकाश पाहायचा आहे त्याने दुसऱ्यांदा पाहताना उपशीर्षके सरळ बंद करावीत, कारण चौकटीच्या खालच्या बाजूची ती पांढरी अक्षरे काळ्या-करड्या चित्राचा तोल बिघडवतात.

निक्विस्ट यांचा जन्म ३ डिसेंबर १९२२ रोजी दक्षिण स्वीडनमधल्या मूहेडा या गावी झाला. आईवडील मिशनरी म्हणून बेल्जियन काँगोत राहत असल्यामुळे मुलगा स्वीडनमध्ये नातेवाइकांकडे वाढला. १९४१ मध्ये सँड्र्यूज या चित्रसंस्थेत कॅमेरा-साहाय्यक म्हणून त्यांनी उमेदवारी सुरू केली, आणि १९४५ मध्ये स्वतंत्र छायालेखक म्हणून पहिल्यांदा त्यांचे नाव लागले. बर्गमन यांच्याशी गाठ पडली ती १९५३ च्या ‘सॉडस्ट अँड टिन्सेल’ या सर्कशीवरच्या चित्रपटात, तीही दुसऱ्या एका छायालेखकाच्या जोडीने. या चित्रपटाच्या आरंभी विदूषक आपल्या बायकोला खडकाळ किनाऱ्यावरून उचलून आणतो, तो प्रसंग इतका भडक उन्हात जाळून काढलेला आहे की चेहऱ्यांचे तपशील पांढऱ्यात विरघळून जातात. पुढे ज्यांची ख्याती मृदू प्रकाशासाठी झाली त्यांच्या वाटेचा आरंभ अशा रखरखीत चित्रपटापासून झाला, हे संच हाती असल्याशिवाय सहसा ध्यानात येत नाही.

येथेच संचाच्या रचनेबद्दलची माझी मुख्य तक्रार येते. प्रकाशकांनी चित्रपट कालक्रमाने लावलेले नाहीत. एखाद्या चित्रपट महोत्सवासारखी उद्घाटनाची रात्र, मधले खास खेळ, जोडचित्रपट आणि समारोपाची रात्र अशी मांडणी केली आहे. उद्घाटनाला १९५५ चा ‘स्माइल्स ऑफ अ समर नाइट’ आहे आणि समारोपाला १९८२ चा ‘फॅनी अँड अलेक्झांडर’. सवडीने अधूनमधून एखादा चित्रपट लावणाऱ्या रसिकाला ही मांडणी सुखाची वाटेल, आणि विषयांच्या जोड्या कुठे कुठे कल्पकतेने जुळवल्या आहेत हेही खरे. परंतु कारागिराची वाढ अशा मांडणीत दिसत नाही. आज १९६८ चा चित्रपट, उद्या १९४६ चा, परवा १९७८ चा असे पाहत गेले तर एकाच माणसाने दिव्यांची संख्या वर्षागणिक कशी कमी करत नेली, हा या संचातला सर्वांत मोलाचा धडा हातून निसटतो. म्हणून आम्ही पहिल्याच बैठकीत छापील क्रम बाजूला ठेवून सालांप्रमाणे स्वतःची यादी केली. प्रकाशकांनी एका पानावर प्रत्येक छायालेखकाची कालक्रमाने यादी छापली असती तर हे काम वाचले असते.

सालाप्रमाणे पाहण्याचा पहिला लाभ म्हणजे गुन्नार फिशर यांच्याशी होणारी तुलना. निक्विस्ट यांच्या आधी बर्गमन यांचे कॅमेरामन फिशर होते आणि ‘द सेव्हन्थ सील’, ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’ हे १९५७ चे दोन्ही गाजलेले चित्रपट त्यांचे. फिशर यांचा प्रकाश कडेने कापत येतो. ‘द सेव्हन्थ सील’मधल्या मृत्यू या पात्राचा पांढराफटक चेहरा, त्याभोवतीचे काळे वस्त्र, मागचे आभाळ हे सगळे जणू लाकडी ठशावर कोरून काढलेले. संचासाठी ‘द सेव्हन्थ सील’चे नवे फोर-के पुनरुज्जीवन केलेले आहे आणि चिलखताच्या कड्यांपासून समुद्राच्या फेसापर्यंत सारे स्वच्छ दिसते. त्यानंतर लगेच १९६० चा ‘द व्हर्जिन स्प्रिंग’ लावावा. दोन्ही कथा मध्ययुगातल्या, मुख्य नट दोन्हींत माक्स फॉन सिडो, आणि तरीही उजेड अगदी निराळा. निक्विस्ट यांच्या जंगलात प्रकाश पानांतून गाळून येतो, घरातला अंधार चुलीच्या धुरासह खराखुरा वाटतो, आणि पहाटेच्या प्रसंगांत कुठेही दिवा लावल्याची खूण सापडत नाही. फिशर कमी दर्जाचे होते असे मुळीच नव्हे. नाटकी प्रकाशाच्या त्या पद्धतीत त्यांचा हात धरणारे फार थोडे असतील. पण १९६० नंतर बर्गमन यांना जे हवे होते ते त्या पद्धतीने मिळणारे नव्हते.

ते जे काही होते, ते १९६३ च्या ‘विंटर लाइट’मध्ये पूर्णत्वाला गेलेले दिसते, आणि मला विचाराल तर या एका चित्रपटासाठी संपूर्ण संच घ्यावा. कथा एका रविवारच्या दुपारी घडते. खेड्यातल्या चर्चमध्ये पाद्री प्रार्थना उरकतो, मोजकीच माणसे जमलेली असतात, बाहेर हिवाळ्याचे ढगाळ आभाळ असते. चित्रीकरणापूर्वी बर्गमन आणि निक्विस्ट चर्चमध्ये जाऊन बसले आणि दुपारच्या त्या काही तासांत आतला उजेड कसकसा सरकतो हे त्यांनी टिपून ठेवले. ढगाळ दिवशी आत सावलीच पडत नाही, हे त्यांच्या ध्यानात आले. मग स्टुडिओत चर्च उभारून तिथे सावली न पडू देण्याचा हट्ट धरायचा म्हणजे दिव्याचा थेट झोत कुठेच वापरता येणार नाही. दिवे पांढऱ्या पृष्ठभागांवर आपटवून आणि मोठ्या चौकटींवर ताणलेल्या कागदांतून गाळून त्यांनी तो उजेड निर्माण केला. आपल्याकडे लग्नाच्या स्टेजवर थर्मोकोलचा पांढरा तक्ता धरून किंवा सॉफ्टबॉक्सवर बटर पेपर लावून जे केले जाते त्याचेच हे मूळ तत्त्व आहे. फरक एवढाच की आपण ते नवरीच्या गालावरचा घाम लपवण्यापुरते करतो आणि त्यांनी आख्खा चित्रपट त्यावर उभा केला.

याबाबत एक गोष्ट नोंदवणे आवश्यक आहे. आपटवलेल्या प्रकाशाचा शोध निक्विस्ट यांनी लावला असे अनेकांकडून सहज बोलले जाते. ते बरोबर नाही. सुब्रत मित्र यांनी सत्यजित राय यांच्या १९५६ च्या ‘अपराजितो’साठी बनारसच्या घराचे आवार स्टुडिओत उभारले तेव्हा वर पांढरे कापड ताणून आणि दिवे त्यावर उलटे मारून आभाळातून झिरपणारा उजेड साधला होता. म्हणजे स्वीडनच्या आधी हे कोलकात्यात झाले, तेही अपुऱ्या साधनांनिशी. निक्विस्ट यांचे मोठेपण पहिले असण्यात नाही. एकदा सापडलेली गोष्ट त्यांनी दोन दशके तासत नेली, यात ते आहे.

‘विंटर लाइट’मधल्या दोन जागा जवळून पाहण्यासारख्या आहेत. पहिली, शिक्षिका मार्ता हिचे पत्र. पाद्री पत्र उघडतो आणि मार्ताची भूमिका करणाऱ्या इंग्रिड थुलिन यांचा चेहरा सरळ कॅमेऱ्याकडे पाहत ते पत्र बोलू लागतो. कित्येक मिनिटे, मधला एक छोटा पूर्वप्रसंग सोडला तर, पडद्यावर केवळ हा चेहरा असतो. एका कुशीला सावली नाही, केसांवर मागून मारलेला दिवा नाही, हनुवटीखाली भर घालणारा दुसरा दिवा आहे की नाही याचा पत्ता लागत नाही. आमच्या धंद्यात याला ‘फ्लॅट लाइट’ म्हणून नाक मुरडले जाते. पण थोडे थांबून पाहिले की डोळ्यांतली ओल, वरच्या ओठाची हालचाल आणि कपाळावरची कातडी यांत किती सूक्ष्म चढउतार राखलेले आहेत ते दिसू लागते. दुसरी जागा पाद्री खिडकीपाशी उभा असतानाची. निराश झालेला कोळी नुकताच निघून गेलेला असतो, आणि पाद्र्याच्या मागचा उजेड हळूहळू वाढत जाऊन पांढरा होतो. सूर्य क्षणभर ढगांतून बाहेर आला एवढेच. ज्या चित्रपटात तोवर एकही थेट किरण दिसलेला नाही तिथे हे इतके अंगावर येते की शेजारी बसलेले एक जुने थिएटर ऑपरेटर, ज्यांनी कार्बन आर्कच्या प्रोजेक्टरवर उमेदीची वर्षे घालवली, न राहवून म्हणाले, ‘‘लाइट लावलाय कुठं ओ ह्यानं? मला तर कायसुद्धा दिसंना की!’’ यापेक्षा नेमके परीक्षण मला लिहिता येणार नाही.

बेळगावच्या पश्चिमेला राहणाऱ्यांना हा उजेड परका नाही. जुलै महिन्यात जांबोटीच्या पुढे कणकुंबीपर्यंत गेलात तर दिवसच्या दिवस सावली म्हणून दिसत नाही. माणसाचे तोंड, म्हशीची पाठ, कौलारू घराची भिंत सगळ्यांवर सारखाच दुधट प्रकाश. आमच्यातला कोणीही अशा दिवशी पहिले वाक्य बोलतो ते ‘‘आज लाइटच नाही’’ असे, आणि सन-गन, म्हणजे हातात धरायचा प्रखर दिवा, काढतो. निक्विस्ट यांचे चित्रपट पाहिल्यावर त्या सवयीबद्दल शंका येऊ लागते. खानापूर तालुक्यातल्या पावसाळी लग्नांत भर दुपारी सगळ्यांच्या तोंडावर हजार वॅटचा झोत मारून आपण नेमके काय मिळवतो, हा प्रश्न या संचाने आमच्या मंडळीत निर्माण केला आणि त्यावर बरीच वादावादीही झाली. गिऱ्हाइकाला चकचकीतच लागते, हा त्या वादातला दुसऱ्या बाजूचा मुद्दा होता आणि तो अगदीच पोकळ नव्हता.

१९६६ च्या ‘पर्सोना’बद्दल इतके लिहिले गेले आहे की मी एकाच दृश्यापुरते बोलतो. रुग्णालयात नटी एलिसाबेत पलंगावर पडलेली आहे, रेडिओवर बाखचे संगीत चालू आहे, आणि लिव उल्मन यांचा चेहरा पडद्यावर स्थिर आहे. कॅमेरा हलत नाही. केवळ उजेड कमी होत जातो, इतक्या सावकाश की तो कधी कमी होऊ लागला ते सांगता येत नाही, आणि शेवटी चेहऱ्याची कडा आणि डोळ्यांतला एक ठिपका एवढेच उरते. डोळ्यांतला हा ठिपका निक्विस्ट यांनी जन्मभर जपला. माणसाचा विचार डोळ्यांत दिसतो, म्हणून तिथे प्रकाशाचा कण असलाच पाहिजे, अशी त्यांची धारणा होती. चित्रकार के. बी. कुलकर्णी यांची व्यक्तिचित्रे पाहत ज्या बेळगावकरांचा डोळा घडला त्यांना हे पटवून द्यावे लागणार नाही. नव्या टू-के पुनरुज्जीवनात या दृश्यातला काळा रंग गढूळ होत नाही आणि फिल्मचा मूळ दाणा, म्हणजे चित्रातला बारीक रवाळपणा, पुसून टाकलेला नाही, ही संचाच्या बाजूची मोठी जमेची गोष्ट. पूर्वी आम्ही पाहिलेल्या प्रतींत या जागी चेहरा नुसता काळा डाग व्हायचा.

त्यासाठी मात्र टीव्ही नीट लावावा लागतो. दुकानात टीव्ही ज्या भडक रंगयोजनेत ठेवलेला असतो ती बंद करून ‘सिनेमा’ किंवा ‘फिल्ममेकर’ ही योजना निवडावी, हालचाल गुळगुळीत करणारी सोय पूर्णपणे बंद करावी, आणि खोलीच्या खिडक्यांना जाड पडदे लावावेत. प्रोजेक्टर वापरणाऱ्यांनी भिंतीवर न पाहता पडदाच लावावा. चुन्याच्या भिंतीवर निक्विस्ट यांचे करडे रंग पिवळट होतात. ध्वनी बहुतेक चित्रपटांत मूळचाच एका वाहिनीचा आहे आणि तो तसाच स्वच्छ ठेवला आहे.

रंगीत चित्रपटांकडे निक्विस्ट सहज वळले नाहीत. बर्गमन यांच्याबरोबरचा पहिला रंगीत चित्रपट १९६४ चा ‘ऑल दीज विमेन’. तो फारसा जमलेला नाही आणि त्यावर वेळ घालवण्याची गरज नाही. १९६९ च्या ‘द पॅशन ऑफ ॲना’मध्ये फोरो बेटावरचा हिवाळा त्यांनी रंग जवळजवळ पिळून काढून दाखवला, आणि तिथून खरी सुरुवात झाली. १९७२ च्या ‘क्राइज अँड व्हिस्पर्स’मध्ये रंगांचा हिशेब पक्का झाला. मरणाला टेकलेली बहीण, तिच्या दोन बहिणी आणि एक मोलकरीण, भिंती सगळ्या लाल, कपडे पांढरे किंवा काळे. टॅक्सिंगे येथील जुन्या वाड्यात, मुख्य भिस्त उंच खिडक्यांतून येणाऱ्या उजेडावर ठेवून हे चित्रीकरण झाले. लाल भिंतींपुढे कातडीचा रंग सांभाळणे किती अवघड आहे ते लाल मखमलीच्या स्टेजसमोर नवरा-नवरीचे फोटो काढणारा कोणीही सांगेल. भिंतीचा लाल चेहऱ्यावर उडतो आणि सगळे ताप आल्यासारखे दिसतात. आधी महिनोन् महिने चाचण्या घेऊन त्यांनी हा प्रश्न सोडवला. पैशांची इतकी ओढाताण होती की नट्यांनी आणि निक्विस्ट यांनीही आपले मानधन भांडवल म्हणून चित्रपटातच ठेवले. या कामाबद्दल त्यांना पहिले ऑस्कर मिळाले. डिस्कवरचा लाल रंग पहिल्या नजरेत थोडा जास्त गडद वाटतो, पण तो फुटत नाही. स्वस्त पॅनेलवर मात्र फुटतो, हे आम्ही दोन टीव्ही शेजारी ठेवून पाहिले आहे.

त्यानंतरचे काही चित्रपट भराभर पाहिले तरी चालतील. दूरदर्शनसाठी केलेला १९७३ चा ‘सीन्स फ्रॉम अ मॅरेज’ १६ मिलिमीटरच्या फिल्मवर आहे; मोठ्या पडद्यावर दाणा जाड दिसतो, तो डिस्कचा दोष मानू नये. म्युनिकमध्ये केलेल्या ‘द सर्पंट्स एग’मध्ये भपका अधिक आणि जीव कमी. १९७८ च्या ‘ऑटम सोनाटा’तला तांबूस उबदारपणा सुंदर आहे. ‘फॅनी अँड अलेक्झांडर’ मात्र सावकाश पाहावा, आणि तोही पाच तासांहून मोठ्या दूरदर्शन आवृत्तीत; संचात तीन तासांची चित्रगृहातली आवृत्तीही आहे. आजीच्या घरातला नाताळ मेणबत्त्या, लाल पडदे आणि सोनेरी चौकटींनी भरलेला, आणि सावत्र बाप झालेल्या बिशपच्या घरात नुसत्या उघड्या करड्या भिंती. दोन घरांतला फरक मुलाला कोणी शब्दांनी समजावून सांगत नाही, उजेड सांगतो. दुसरे ऑस्कर याच चित्रपटासाठी.

संचातील पूरक साहित्यात विल्गोट शेमान यांनी ‘विंटर लाइट’च्या निर्मितीवर त्याच वेळी केलेला दूरदर्शन-माहितीपट आहे, छायालेखनाच्या विद्यार्थ्याने तो आधी पाहावा, कारण चाचण्या, कपडेपट आणि सेटवरची चर्चा त्यात प्रत्यक्ष दिसते. पुस्तक देखणे आहे, त्यातली स्थिरचित्रे उत्तम छापली आहेत, पण लेखांचा सगळा रोख दिग्दर्शकावर आहे. कोणती फिल्म वापरली, कुठे कोणता दिवा होता, असल्या प्रश्नांसाठी ते फारसे कामाचे नाही. डिस्क जाड पुठ्ठ्याच्या पानांत खोचलेल्या आहेत. दिसायला ती पाने सुरेख, पण डिस्क काढताना पुठ्ठा घासतो. आम्ही पहिल्याच आठवड्यात साध्या प्लास्टिकच्या पाकिटांत सगळ्या डिस्क हलवल्या आणि मूळ संच कपाटात ठेवला. बेळगावच्या पावसाळी हवेत पुठ्ठ्याला बुरशी धरते, म्हणून त्यात सिलिका जेलच्या पुड्याही टाकाव्यात.

निक्विस्ट यांची कारकीर्द या संचात पूर्ण मावत नाही, हे खरेदी करणाऱ्याला आधी कळायला हवे. सत्तरच्या दशकापासून ते जगभर कामे करू लागले. रोमान पोलान्स्की यांचा ‘द टेनंट’, लुई माल यांचा ‘प्रिटी बेबी’, फिलिप कॉफमन यांचा ‘द अनबेअरेबल लाइटनेस ऑफ बीइंग’ (याला ऑस्करचे नामांकन होते), वुडी ॲलन यांचे ‘क्राइम्स अँड मिसडिमिनर्स’सह अनेक चित्रपट, लासे हॉलस्ट्रॉम यांचा ‘व्हॉट्स ईटिंग गिल्बर्ट ग्रेप’ हे सगळे त्यांचे. ‘द ऑक्स’ हा १९९१ चा चित्रपट त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला आणि त्यालाही परभाषी चित्रपटाच्या ऑस्करचे नामांकन मिळाले. अमेरिकन छायालेखकांच्या संघटनेने १९९६ मध्ये त्यांना जीवनगौरव दिला. पुढे वाचाघाताने त्यांची भाषाच हिरावली गेली आणि काम थांबले. २० सप्टेंबर २००६ रोजी ते गेले.

आपल्या वाचकांनी वेगळा शोधून पाहावा असा त्यांचा एक चित्रपट म्हणजे कॉनराड रुक्स यांचा १९७२ चा ‘सिद्धार्थ’. शशी कपूर आणि सिमी गरेवाल यांना घेऊन हृषीकेश आणि भरतपूर परिसरात तो चित्रित झाला. चित्रपट म्हणून तो विस्कळित आहे, काही ठिकाणी चक्क पर्यटन खात्याच्या जाहिरातीसारखा. पण जन्मभर ढगाळ उत्तरेचा उजेड पाहिलेल्या माणसाने गंगेच्या पात्रावरचे ऊन कसे घेतले, हे पाहण्यासाठी तो एकदा पाहावाच. आपले कॅमेरामन ज्या वेळी पॅकअप म्हणतात त्या मावळतीच्या वेळी यांनी बरेच काम केलेले दिसते.

आंद्रेई तारकोव्हस्की यांच्या १९८६ च्या ‘द सॅक्रिफाइस’चीही डिस्क वेगळी घ्यावी लागेल. त्यातले जळणाऱ्या घराचे सलग दृश्य पहिल्या वेळी कॅमेरा अडकल्यामुळे वाया गेले, घर राख झाले, आणि गॉटलंड बेटावर ते पुन्हा उभारून पुन्हा जाळावे लागले. कान महोत्सवात निक्विस्ट यांच्या या कामाचा खास सन्मान झाला. आणखी एक उणीव खुद्द बर्गमन यांच्याच चित्रपटांतली आहे : १९७६ चा ‘फेस टू फेस’ या संचात नाही. निक्विस्ट यांचे काम सलग पाहू इच्छिणाऱ्याला तिथे खड्डा लागतो आणि एवढ्या किमतीच्या वस्तूत तो खटकतो.

फोटो किंवा व्हिडिओचा धंदा करणाऱ्या चार-पाच जणांनी मिळून, किंवा एखाद्या कलामहाविद्यालयाच्या ग्रंथालयाने हा संच जरूर घ्यावा. केवळ बर्गमन यांचे नावाजलेले चित्रपट पाहायचे असतील तर मात्र सुट्या डिस्क स्वस्त पडतील. त्यात ‘विंटर लाइट’ असलेली त्रयी, ‘पर्सोना’ आणि ‘क्राइज अँड व्हिस्पर्स’ एवढ्या घेतल्या तरी निक्विस्ट यांच्या कामाचा गाभा हाती येतो. विभागाचे कुलूप सुट्या डिस्कवरही आहे, तेव्हा प्लेअरची चौकशी आधी करावी.